खाडा, चपलांचा बिल्ला आणि सेशन

गेल्या सत्रातली गोष्ट आहे. बुधवारची रात्र, मेसमध्ये मटकीची उसळ. प्रथम वर्षाचा एक मुलगा वर्कशॉपचं जर्नल आटपून साडेआठला ताट घ्यायला आला. मेसच्या काकांनी यादीवर बोट फिरवलं आणि म्हणाले, "बाळा, तुझा तर शनिवारपर्यंत खाडा आहे."

"काका, मी खाडा लावलाच नाही."

"नाव आहे बघ. कॉम्प्युटरची यादी आहे, माझ्या हातची नाही."

डे-स्कॉलर मित्रांसाठी सांगतो : गावाला जाताना आधी कळवून मेस बंद ठेवली की त्याला खाडा म्हणतात आणि तेवढ्या दिवसांचे पैसे बिलातून वजा होतात. पूर्वी खाड्याची वही असायची. आमच्या चौघांच्या ग्रुपने तृतीय वर्षाच्या मिनी प्रोजेक्टसाठी त्या वहीचं वेब ॲप्लिकेशन केलं. रेक्टर सरांनी कौतुक केलं, वही कपाटात गेली आणि काका रोज आमच्या ॲप्लिकेशनची प्रिंट समोर ठेवून ताटं देऊ लागले.

तर त्या मुलाला मेस सेक्रेटरीने सगळ्यांसमोर सुनावलं, "बिलात सूट पण पाहिजे आणि जेवण पण पाहिजे, असं कसं चालेल?" पोरगं काही न बोलता निघून गेलं. त्या रात्री ते बिस्किटाच्या पुड्यावर झोपलं, हे आम्हाला दुसऱ्या दिवशी कळलं.

त्याने खाडा लावला नव्हता. त्याचा पासवर्डही कोणी चोरला नव्हता. मुद्दाम खोडी काढणारंही कोणी नव्हतं. तरी त्याच्या नावावर चार दिवसांचा खाडा लागला. हे कसं झालं ते समजून घ्यायचं तर 'सेशन' ही भानगड समजून घ्यावी लागते. आम्हाला ती नीट समजली नव्हती, म्हणून तर हे झालं!

सर्व्हरला काही आठवत नाही

आपण ब्राउझरमध्ये एखादं पान उघडतो तेव्हा ब्राउझर सर्व्हरकडे एक मागणी पाठवतो आणि सर्व्हर उत्तर देतो. संपलं. पुढची मागणी आली की सर्व्हरच्या दृष्टीने ती कोरी करकरीत असते. मघाशी पासवर्ड देऊन आत आलेला मुलगा आणि आता 'बिल दाखवा' म्हणणारा मुलगा एकच आहे, हे त्याला माहीत नसतं. एचटीटीपी या नियमावलीचा हा मूळ स्वभावच आहे. टिम बर्नर्स-ली यांनी सर्न या संस्थेत वेबची सुरुवात केली ती मुख्यतः कागदपत्रं आणि माहिती एकमेकांना वाचता यावी म्हणून. वाचणारा कोण, हे लक्षात ठेवायची तिथे गरज नव्हती, आणि न ठेवल्यामुळे सर्व्हर हलकाफुलका राहायचा.

पण वेबवर दुकानं आली आणि अडचण सुरू झाली. गिऱ्हाइकाने पिशवीत एक वस्तू टाकली, दुसऱ्या पानावर गेलं, आणि दुकानदार विचारतो, "आपण कोण?" १९९४ मध्ये नेटस्केप कंपनीतल्या लू मॉन्टुली यांनी यावर तोडगा काढला. सर्व्हरने ब्राउझरला एक छोटी चिठ्ठी द्यायची आणि ब्राउझरने पुढच्या प्रत्येक मागणीबरोबर ती परत दाखवायची. हीच कुकी. युनिक्सवाल्यांच्या बोलण्यात अशा चिठ्ठीला आधीपासून 'मॅजिक कुकी' म्हणत, त्यावरून हे नाव आलं. १९९७ मध्ये तिचे पहिले अधिकृत प्रमाण-नियम झाले, आणि २०११ मध्ये, प्रत्यक्षात ब्राउझर जसे वागतात ते पाहून, आर.एफ.सी. ६२६५ मध्ये ते नव्याने लिहिले गेले.

चपलांचा बिल्ला

आता चिठ्ठीवर लिहायचं काय? 'मी अमुक तमुक, खोली नंबर २१४' असं लिहिलं तर कोणीही आपल्या ब्राउझरमध्ये ती खोडून २१५ करेल. चिठ्ठी शेवटी त्याच्याच कॉम्प्युटरवर असते ना!

देवळाबाहेरचा चपलांचा स्टँड आठवा. तुम्ही चपला देता, तो तुम्हाला पत्र्याचा बिल्ला देतो. बिल्ल्यावर तुमचं नाव नसतं, चपलांचा रंग नसतो, फक्त नंबर असतो. चपला फळीवर असतात. परत आल्यावर तो तुमच्या तोंडाकडे बघतही नाही. बिल्ला बघतो आणि त्या नंबरच्या खणातून चपला काढून देतो.

सेशन म्हणजे नेमकं हेच. बिल्ला म्हणजे कुकीतला सेशनचा नंबर, आणि खण म्हणजे सर्व्हरवर त्या नंबरखाली ठेवलेली माहिती. कोण लॉगिन आहे, काय निवडलं आहे, काय अर्धवट राहिलं आहे, ते सगळं खणात.

यातून दोन गोष्टी निघतात आणि दोन्ही पाठ करून ठेवण्यासारख्या आहेत. पहिली : बिल्ला ज्याच्या हातात, चपला त्याच्या. पासवर्ड फक्त दारात एकदा विचारला जातो, त्यानंतरचा सगळा कारभार बिल्ल्यावर चालतो. दुसरी : बिल्ला परत घेतला नाही तर तो चालूच राहतो.

जँगोच्या पोटात

आमचं ॲप्लिकेशन पायथनमधल्या जँगो या फ्रेमवर्कमध्ये आहे. अमेरिकेत कॅन्सस राज्यातल्या लॉरेन्स गावच्या एका वर्तमानपत्राच्या वेब विभागात ॲड्रियन होलोव्हाटी आणि सायमन विलिसन यांनी २००३ मध्ये ते लिहायला घेतलं आणि जुलै २००५ मध्ये ते सगळ्यांसाठी खुलं झालं. नाव ठेवलं जँगो राइनहार्ट या गिटारवादकावरून. पीएचपी आणि जावावाल्यांनी तोंड वाकडं करू नये, कारण तुमच्याकडेही हीच यंत्रणा आहे. पीएचपीच्या कुकीचं नाव 'पीएचपीसेसआयडी', जावाच्या सर्व्हलेटचं 'जेसेशनआयडी', आमच्या जँगोचं नुसतं 'सेशनआयडी'.

जँगोमध्ये मागणी आणि आपला कोड यांच्यामध्ये मिडलवेअर नावाचे चौकीदार एका रांगेत उभे असतात. त्यातला एक सेशनचा. मागणी आत येताना तो कुकीतला नंबर बघून खण तयार ठेवतो. आपला कोड डिक्शनरी वापरल्यासारखा त्यात वाचतो आणि लिहितो. उत्तर बाहेर जाताना खणात काही बदल झाला असेल तर तोच चौकीदार बदल साठवतो आणि गरजेप्रमाणे कुकी पाठवतो.

चपलांच्या स्टँडवरचे नंबर १, २, ३ असे ओळीने असतात, त्यामुळे शेजाऱ्याचा नंबर कोणीही ओळखेल. जँगोचा नंबर ३२ अक्षरांचा असतो आणि प्रत्येक जागी छोट्या लिपीतली २६ अक्षरं व १० अंक यांपैकी काहीही यादृच्छिक पद्धतीने येतं. असे एकूण किती नंबर होतील? ३६ चा ३२ वा घात, म्हणजे ५० आकडी संख्या. अंदाजाने कोणाचा बिल्ला जुळवायचा नाद सोडाच.

खण कुठे ठेवायचे हे आपण ठरवतो. काही सांगितलं नाही तर डेटाबेसमध्ये एक टेबल असतं : सेशनचा नंबर, माहिती आणि मुदत असे तीन रकाने. शिवाय कॅशमध्ये, कॅश आणि डेटाबेस दोन्हीत, किंवा फाइलमध्येही ठेवता येतं. नुसत्या कॅशमध्ये ठेवलं तर वेग मिळतो, पण कॅश भरली किंवा सर्व्हर बंद पडून चालू झाला की सगळे एकदम बाहेर फेकले जातात. परीक्षेचा फॉर्म भरताना असं झालं तर काय होईल ते वेगळं सांगायला नको.

पाचवा प्रकार मजेशीर आहे. सगळी माहिती कुकीतच घालायची आणि वर सर्व्हरची सही करायची. म्हणजे फळीच नाही, चपला सीलबंद पारदर्शक पिशवीत घालून तुमच्याच हातात. सील असल्यामुळे आत फेरफार करता येत नाही, पण पिशवी पारदर्शक असल्यामुळे आतलं कोणीही वाचू शकतं. आणि कोणी आधीच त्या पिशवीची नक्कल करून ठेवली असेल तर लॉगआऊट केल्यावरही ती नक्कल मुदतीपर्यंत चालते, कारण सर्व्हरकडे पुसायला खणच नाही.

एक खोच सांगतो, आमची एक अख्खी रात्र यात गेली आहे. जँगो साधारणपणे खणात बदल झाला तरच साठवतो, आणि 'बदल' म्हणजे थेट खणात काही ठेवलं तर. खणात आधीपासून तारखांची यादी असेल आणि तुम्ही त्या यादीच्या शेवटी एक तारीख जोडलीत, तर खणाला ते कळतच नाही. पान बदललं की तारीख गायब! अशा वेळी 'मॉडिफाइड' हा झेंडा स्वतः खरा करावा लागतो, नाहीतर पूर्ण यादी नव्याने खणात ठेवावी लागते. आम्ही पहाटे चारपर्यंत डेटाबेसला शिव्या देत होतो. बिचाऱ्याचा काही दोष नव्हता.

आमची चूक

आता खाड्याकडे येऊ.

कॉमन रूममध्ये तीन कॉम्प्युटर आहेत आणि एकालाच प्रिंटर जोडलेला आहे. फोनवर सगळं होत असलं तरी प्रिंट काढायला सगळे तिथेच येतात. तो मुलगा सोमवारी रात्री तिथे आला होता. वडिलांना दाखवायला त्याला मेसच्या बिलाची प्रिंट हवी होती. लॉगिन केलं, प्रिंट काढली, वरचं 'बाहेर पडा' दाबलं. समोर लॉगिनचं पान आलं. कोणीही हेच समजेल की आपण बाहेर पडलो. त्याने खबरदारी म्हणून ब्राउझरही बंद केला. एखाद्याने यापेक्षा जास्त काय करायचं?

पण आमचं 'बाहेर पडा' खोटं होतं.

आम्ही एका जुन्या पुस्तकात बघून लॉगआऊटची साधी लिंक दिली होती. जँगोच्या जुन्या आवृत्त्यांत ती चालायची. डिसेंबर २०२३ मध्ये आलेल्या ५.० आवृत्तीपासून जँगोच्या तयार लॉगआऊटला साधी लिंक चालत नाही, पोस्ट पद्धतीचा फॉर्म लागतो. त्याला कारण आहे. लिंक म्हणजे नुसतं 'दाखवा' म्हणणं. काही ब्राउझर तर वेग वाढवण्यासाठी लिंका आधीच उघडून ठेवतात. नुसतं 'दाखवा' म्हटल्यावर कोणाचं लॉगआऊट होऊ नये, म्हणून हा बदल. आमच्या लिंकवर ४०५ नंबरची एरर यायला लागली. दुसऱ्या दिवशी प्रोजेक्टचं डेमो होतं. आमच्यातल्या एकाने (तो मीच) लिंकचा पत्ता बदलून लॉगिनच्या पानाचा दिला. एरर गेली, लॉगिनचं पान दिसलं, सगळे खूश. जँगोचं तयार लॉगिन पान, माणूस आधीच लॉगिन असला तरी, वेगळं सांगितल्याशिवाय रिकामा फॉर्मच दाखवतं. त्यामुळे आम्हालाही संशय आला नाही.

म्हणजे बिल्ला त्या कॉम्प्युटरच्या खिशातच राहिला. ब्राउझर बंद केल्याने तरी तो जायला हवा होता, पण जँगोची मूळ मुदत १२,०९,६०० सेकंद, म्हणजे बरोबर दोन आठवडे, आणि 'ब्राउझर बंद केल्यावर संपव' ही सोय मुळात बंद असते. आम्ही त्या दोन्ही ओळी कधी वाचल्याच नव्हत्या.

अर्ध्या तासाने द्वितीय वर्षाचा एक मुलगा त्याच कॉम्प्युटरवर बसला. बहिणीच्या लग्नाला जायचं होतं, बुधवार ते शनिवार. खाड्याच्या पानाचा बुकमार्क होता, तो दाबला, फॉर्म उघडला. त्याला वाटलं आपलं लॉगिन आधीचंच चालू असेल. कोपऱ्यात बारीक अक्षरात दुसऱ्याचं नाव होतं, ते कोण वाचतं? तारखा भरल्या, 'जमा करा', आणि स्वारी लग्नाला.

उलगडा केला तो गेटवरच्या रजिस्टरने. गुरुवारी आम्ही चौघं डोकं धरून बसलो होतो, तेव्हा रेक्टर सर म्हणाले, "बुधवार ते शनिवार खरोखर कोण बाहेर गेलंय ते बघा की आधी." वॉचमन मामांच्या रजिस्टरमध्ये त्या तारखांना एकच नाव होतं. त्या मुलाला लग्नघरी फोन लावला. मागे बँड वाजत होता. तो म्हणाला, "अरे, मी सोमवारीच खाडा लावलाय की!" आमच्या यादीत त्याच्या नावावर एकही खाडा नव्हता. मग सर्व्हरच्या नोंदी काढल्या. त्या रात्री त्या मशीनवर लॉगिन एकच, बिल्ला एकच, आणि त्या एका बिल्ल्यावर आधी बिलाची प्रिंट आणि अर्ध्या तासाने खाडा. ॲप्लिकेशनच्या मते ती दोन्ही कामं एकाच माणसाची होती. त्याला दिलेल्या माहितीनुसार ते बरोबरच बोलत होतं.

बिल्ला चोरीला जातो तेव्हा

आमच्याकडे बिल्ला चुकून दुसऱ्याच्या हाती गेला. जगात तो मुद्दाम पळवलाही जातो. ऑक्टोबर २०१० मध्ये एरिक बटलर यांनी फायरशीप नावाचं फायरफॉक्स ब्राउझरचं एक एक्स्टेंशन जाहीर केलं. तेव्हा बऱ्याच मोठ्या साइट फक्त लॉगिनचं पान एचटीटीपीएसवर, म्हणजे कुलूपबंद, ठेवत आणि पुढची सगळी पानं उघड्या एचटीटीपीवर. पासवर्ड झाकलेला, पण बिल्ला प्रत्येक मागणीबरोबर उघड्यावर फिरतोय! उघड्या वायफायवर शेजारी बसलेल्याने फायरशीप चालवलं की दुसऱ्यांचे बिल्ले त्याच्या पडद्यावर नावांसकट दिसत, आणि क्लिक केलं की तो त्यांच्या खात्यात. हा धोका लोकांच्या डोळ्यांसमोर यावा, हाच बटलर यांचा हेतू होता. त्यानंतरच्या वर्षांत मोठ्या साइट पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत एचटीटीपीएसवर गेल्या.

म्हणून कुकीवर तीन शिक्के महत्त्वाचे. 'सेक्युअर' : ही कुकी कुलूपबंद रस्त्यानेच जाईल. जँगोमध्ये हा शिक्का मुळात मारलेला नसतो, आपण मारायचा. 'एचटीटीपीओन्ली' : पानावरच्या जावास्क्रिप्टला कुकी वाचता येणार नाही. आणि 'सेमसाइट' : दुसऱ्याच साइटवरून आलेल्या मागणीबरोबर ही कुकी कधी पाठवायची त्यावर बंधन. शेवटचे दोन जँगो स्वतःहून मारतो.

आणखी एक डाव आहे. कोणी तुमच्या खिशात आधीच एक बिल्ला सरकवून ठेवला आणि त्याचा नंबर स्वतःकडे लिहून घेतला, तर? तुम्ही लॉगिन करता, चपला त्याच खणात जातात, आणि तो मागून येऊन नंबर सांगतो. यावर उपाय म्हणजे लॉगिन झाल्याबरोबर बिल्ल्याचा नंबर बदलणे. जँगोचं तयार लॉगिन फंक्शन हे करतं. पासवर्ड बदलला की त्या माणसाचे दुसरीकडे चालू असलेले बिल्लेही त्याच्या व्यवस्थेत बाद होतात. म्हणून सांगतो, लॉगिनची यंत्रणा स्वतः लिहायची हौस प्रॅक्टिकलपुरती ठेवा. खऱ्या माणसांच्या कामाला फ्रेमवर्कचीच वापरा, आणि तिला वळसा घालू नका. आम्ही घातला, आणि उपाशी राहिला तिसराच.

आम्ही काय बदललं

१) 'बाहेर पडा' आता लिंक नसून बटण आहे आणि ते जँगोचं खरं लॉगआऊट चालवतं. त्याने सर्व्हरवरचा खण पुसला जातो आणि कुकीही काढली जाते.

२) मुदत दोन आठवड्यांवरून वीस मिनिटांवर आणली. प्रत्येक मागणीला सेशन साठवायची सोय चालू केली, त्यामुळे वीस मिनिटं शेवटच्या हालचालीपासून मोजली जातात. नाहीतर फॉर्म भरता भरता माणूस बाहेर पडायचा.

३) ब्राउझर बंद केल्यावर बिल्ला संपेल असं सांगितलं. यावर पूर्ण भिस्त ठेवू नका. मागची पानं पुन्हा उघडण्याची सोय चालू असेल तर काही ब्राउझर असे बिल्लेही जपून ठेवतात. म्हणून दुसरा उपाय हवाच.

४) खाडा जमा करण्याआधी मोठ्या अक्षरात नाव आणि खोली नंबर दिसतो, आणि 'हे तुम्हीच ना?' असं विचारलं जातं.

५) मुदत संपलेले खण डेटाबेसमध्ये तसेच पडून राहतात. त्यांना झाडून काढणारी 'क्लिअरसेशन्स' ही आज्ञा आता रोज रात्री आपोआप चालते. आम्ही बघितलं तेव्हा वर्षभराचा कचरा साठला होता.

६) तपासणीची पद्धत बदलली. पूर्वी आम्ही 'लॉगिन होतंय का' एवढंच बघायचो. आता लॉगआऊट केल्यावर आतल्या प्रत्येक पानाचा पत्ता पुन्हा टाकून बघतो. बाहेर पडलेल्या माणसाला आतलं काही दिसलं तर काम अपुरं.

शेवटी एवढंच

त्या शुक्रवारी मेस सेक्रेटरी आणि आम्ही चौघं त्या मुलाच्या खोलीवर गेलो आणि माफी मागितली. तो म्हणाला, "दादा, मला वाटलं माझ्याच हातून काहीतरी चुकीचं दाबलं गेलं." हे ऐकून जास्त वाईट वाटलं. त्याने सगळं बरोबर केलं होतं, तरी कॉम्प्युटरची यादी म्हटल्यावर त्याने स्वतःवरच संशय घेतला. वहीत खाडा लावायचा तर काका समोरच्याचं तोंड बघून लिहायचे. आम्ही तोंड बघणारा माणूस काढला आणि त्या जागी बिल्ला ठेवला. मग तो बिल्ला कोणाला दिला, कधीपर्यंत चालेल आणि परत घेतला की नाही, हे बघणं आमचं काम होतं.

लग्नाला गेलेल्या मुलाचा खाडा रेक्टर सरांनी गेटचं रजिस्टर बघून मंजूर केला. काकांनी मात्र दुसऱ्या दिवसापासून कपाटातली जुनी वही पुन्हा काढली आहे. यादी आमची, पण कोणी "मी खाडा लावला नाही" म्हटलं की ते आधी ताट वाढतात, नाव वहीत लिहितात, आणि मग आम्हाला बोलावतात.

आमची काही तक्रार नाही.